गाडी ठोकायचा गेम आणि शाळेची फायरवॉल

वाचकाचं पत्र

ताई, मी चिंचवडच्या एका शाळेत नववीत आहे. दिवाळीत निगडीला आतेभावाकडे राहायला गेलो होतो, तेव्हा त्याच्या कॉम्प्युटरवर बीमएनजी ड्राइव्ह हा गेम खेळलो. त्यात गाडी भिंतीवर आपटली की खऱ्या गाडीसारखीच चेपते. तेव्हापासून डोक्यात तेच आहे. आमच्या घरी कॉम्प्युटर नाही, म्हणून ऑफ तासाला शाळेच्या लॅबमध्ये शोधलं. तिथे शाळेच्या फायरवॉलने गेमच्या सगळ्या साइट ब्लॉक केल्या आहेत. एका मित्राने ‘अनब्लॉक्ड’ गेमची साइट दाखवली, ती मी उघडली. पण तिथे भलताच गेम निघाला आणि दुसऱ्या दिवसापासून त्या कॉम्प्युटरवर आपोआप जाहिराती उघडायला लागल्या. कोणी केलं ते कळलं नाही, म्हणून सरांनी आख्ख्या वर्गाची लॅब दोन आठवडे बंद केली. आता तोच मित्र म्हणतोय, पेन ड्राइव्हवरून व्हीपीएन, म्हणजे ब्लॉक चुकवायचं सॉफ्टवेअर, टाकू. सरांचा पासवर्डही त्याने टाइप करताना बघून ठेवलाय. वर्गशिक्षिकांना मी या गेमबद्दल सांगितलं तर म्हणाल्या, गाड्या फोडण्यात मजा वाटते म्हणजे तुझं डोकं ठिकाणावर नाही. बाबा भोसरीला प्रेस शॉपमध्ये, म्हणजे पत्रा दाबून गाड्यांचे भाग बनवतात तिथे, आहेत. ते म्हणाले, दिवसभर पत्राच बघतो, घरी तरी गाड्यांचं नको. लॅबमध्ये हा गेम खेळायचा काही सुरक्षित मार्ग आहे का? आणि माझी आवड खरंच वाईट आहे का?
— गाडीवेडा, चिंचवड

प्रिय गाडीवेड्या,

तुझा दुसरा प्रश्न मला जास्त महत्त्वाचा वाटला, म्हणून आधी तोच घेते. तुझी आवड वाईट नाही. गाडी आपटल्यावर ती नेमकी कशी चेपते हे बघावंसं वाटणं ही चांगली जिज्ञासा आहे, आणि तू जिथे राहतोस त्या पट्ट्यात तर या जिज्ञासेवर कितीतरी माणसांची रोजीरोटी चालते.

पुण्यात वेताळ टेकडीवर एआरएआय ही संस्था आहे, 1966 पासूनची. गाड्यांच्या चाचण्या घेणं हेच तिचं काम, आणि तुमच्या चिंचवडहून फार लांब नसलेल्या चाकणला तिची क्रॅश टेस्टची प्रयोगशाळा आहे. ऑक्टोबर 2023 पासून आपल्याकडे ‘भारत एनकॅप’ सुरू झालं. गाड्यांना सुरक्षिततेचे तारे मिळतात ते त्यातूनच. त्यातल्या समोरून धडकेच्या चाचणीत नवी कोरी गाडी ताशी 64 किलोमीटर वेगाने एका चेपणाऱ्या अडथळ्यावर आदळवतात. तीही पूर्ण तोंडावर नाही, पुढच्या भागाचा साधारण 40 टक्केच भाग अडथळ्यावर येईल अशी. समोरच्या वाहनाला चुकवताना खऱ्या रस्त्यावर अशीच अर्धवट धडक बसते. आत माणसांऐवजी सेन्सर बसवलेले पुतळे असतात, आणि छातीवर, मानेवर, पायांवर किती भार आला ते त्यांच्यावरून मोजतात.

आणि ही खरी गाडी आपटण्याच्या कितीतरी आधी ती कॉम्प्युटरवर पुन्हा पुन्हा आपटलेली असते. हिंजवडीत कितीतरी इंजिनिअर दिवसभर हेच करतात. या कामाला ते ‘क्रॅश सीएई’ म्हणतात. गाडीच्या पत्र्याचे लाखो बारीक चौकोन पाडायचे, त्याला मेशिंग म्हणतात, आणि मग प्रत्येक चौकोन धडकेत कसा वाकेल याचं गणित कॉम्प्युटरकडून करून घ्यायचं. या सॉफ्टवेअरच्या घराण्यातला एक मूळ पुरुष 1976 साली अमेरिकेतल्या लिव्हरमोर प्रयोगशाळेत लिहिला गेला, तो शस्त्रास्त्रांवर होणाऱ्या आघातांचा अभ्यास करण्यासाठी. आज त्याच्याच वंशातली सॉफ्टवेअर तुझ्या गल्लीतल्या गाडीची डिझाइन तपासतात.

आता तुझा गेम. बीमएनजी जर्मनीतल्या ब्रेमेनच्या कंपनीचा आहे. लोकांसमोर तो पहिल्यांदा 2013 साली आला आणि 2015 पासून स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात मिळतो. इतर बहुतेक गेममध्ये गाडी ठोकली की आधीच काढून ठेवलेला पोचा दिसतो, नाहीतर सुटा केलेला बंपर गळून पडतो. इथे तसं नाही. इथे गाडी म्हणजे वजन असलेल्या बिंदूंचा आणि ते बिंदू जोडणाऱ्या लवचिक दांड्यांचा सांगाडा असतो. बिंदू म्हणजे नोड, दांडी म्हणजे बीम, गेमचं नावच त्यावरून पडलंय. प्रत्येक दांडी किती ताणली की वाकेल आणि किती ताणली की तुटेल हे आकड्यांत लिहिलेलं असतं. मग सेकंदाला 2000 वेळा हिशेब होतो की कोणता बिंदू कुठे सरकला. भिंतीवर आपटलेली गाडी तुला दर वेळी थोडी वेगळी चेपलेली दिसली असेल. ती कोणी चितारलेली नाही, त्या क्षणी गणिताने तशी झालेली आहे. तुला ओढ लागली ती याचीच, असं मला तुझ्या पत्रावरून वाटतं. चेपणं ‘खऱ्या गाडीसारखं’ आहे हे तू लिहिलंस. फोडाफोडीची मजा हवी असलेल्या मुलाने धडका किती जोरात दिल्या ते लिहिलं असतं.

नववीच्या विज्ञानाच्या पुस्तकात पहिले दोन धडे ‘गतीचे नियम’ आणि ‘कार्य आणि ऊर्जा’ आहेत. त्यातलं गतिज ऊर्जेचं सूत्र घे. वेग दुप्पट झाला की ऊर्जा चौपट होते. ताशी 30 किलोमीटरने भिंतीवर आदळणं म्हणजे साधारण साडेतीन मीटरवरून खाली पडणं. ताशी 60 ने आदळणं म्हणजे 14 मीटरवरून, म्हणजे चौथ्या मजल्याच्याही वरून. हे तू स्वतः वहीत काढून बघ, दहा मिनिटांचं काम आहे.

पुढचं गणित त्याहून भारी आहे. समज ताशी 60 च्या गाडीचं नाक 60 सेंटिमीटर चेपून गाडी थांबली. मग तिला थांबायला सुमारे 72 मिलिसेकंद लागले, पापणी लवायला लागतो त्याहून कमी वेळ, आणि आतल्या माणसाला गुरुत्वाकर्षणाच्या जवळजवळ 24 पट झटका बसला. त्याने पट्टा लावला असेल तर यातून तो वाचू शकतो. तीच गाडी फक्त 10 सेंटिमीटर चेपली असती तर झटका 140 पटींवर गेला असता. म्हणजे जे चेपणं बघून तुला मजा वाटली, त्या चेपण्यानेच माणूस वाचतो. पूर्वी भक्कम गाडी म्हणजे न चेपणारी गाडी असाच समज होता. बेला बारेनी नावाच्या मर्सिडीजच्या इंजिनिअरने त्याच्या उलट मांडलं: पुढचा आणि मागचा भाग दुमडू द्या, मधली माणसांची जागा कडक ठेवा. 1959 साली या विचाराने बांधलेली मर्सिडीज बाजारात आली. त्याच वर्षी व्होल्वोने निल्स बोलीनने बनवलेला तीन ठिकाणी अडकवायचा सीट बेल्ट गाडीत बसवला, आणि इतर कंपन्यांनाही तो वापरू दिला.

तुझ्या 72 मिलिसेकंदांत बीमएनजी 144 वेळा आख्ख्या गाडीचा हिशेब करतो. हिंजवडीतल्या इंजिनिअरचं सॉफ्टवेअर तेवढ्याच धडकेसाठी मोठ्या मशीनवर कित्येक तास घेतं, कारण त्याचे चौकोन बारीक असतात आणि वेळेचे टप्पे त्याहून बारीक. गेमला सगळं तुझ्या डोळ्यांसमोर तिथल्या तिथे दाखवायचं असतं, म्हणून तो बिंदू कमी घेतो.

एक गोष्ट मात्र गेम दाखवत नाही, आणि ती तुला माहीत असायला हवी. गेममधली गाडी रिकामी असते. खऱ्या गाडीत माणसं असतात. 2022 या एका वर्षात भारतात रस्ते अपघातांत 1,68,491 माणसं गेली. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात पालघर जिल्ह्यात चारोटीजवळ पुलाच्या कठड्यावर गाडी आदळून उद्योगपती सायरस मिस्त्री गेले. ते मागच्या सीटवर होते आणि त्यांनी पट्टा लावलेला नव्हता, असं पोलिसांनी सांगितलं होतं. गाडी थांबते, पण पट्टा नसलेला माणूस गाडीच्या आधीच्या वेगानेच पुढे जात राहतो, मागे बसलेलाही. तुमच्या वर्गशिक्षिका एवढ्या तोडून का बोलल्या हे मला माहीत नाही. पण ज्या घरातलं कोणी रस्त्यावर गेलंय, त्या घरात ‘गाडी ठोकायला मजा येते’ हे वाक्य ऐकवत नाही. असं घर आपल्याकडे शोधावं लागत नाही. म्हणून त्यांच्या शब्दांचं फार मनाला लावून घेऊ नकोस. डोकं ठिकाणावर नाही असं त्यांनी म्हणायला नको होतं, पण वरचं 60 सेंटिमीटरचं गणित वहीत करून त्यांना दाखवलंस तर तुला नेमकं काय आवडलंय ते त्यांना कळेल.

बाबांबद्दल मला तुला आग्रहाने सांगायचंय. प्रेस शॉपमध्ये काम करणाऱ्या माणसाला पत्रा कसा वागतो हे जेवढं हाताने माहीत असतं तेवढं गेम बनवणाऱ्यांनाही नसेल. डायमध्ये, म्हणजे साच्यात, पत्रा ओढला जाताना कुठे सुरकुती पडते, कुठे फाटतो, प्रेस वर गेल्यावर थोडा मागे कसा येतो, त्याला तिथे स्प्रिंगबॅक म्हणतात. साधा सीआर पत्रा आणि जास्त ताण सोसणारा हाय टेन्साइल पत्रा यांत काय फरक पडतो, हे सगळं धडकेचंच शास्त्र आहे. गाडीचं नाक दुमडावं म्हणून तिथला पत्रा वेगळा आणि दाराच्या मधला खांब वाकू नये म्हणून तिथला वेगळा, हे कदाचित त्यांच्या हाताखालून रोज जात असेल. शिफ्टवरून दमून आलेल्या माणसाला हे विचारू नकोस. गुरुवारी सुट्टी असेल तर जेवणानंतर विचार, आणि ‘गेम’ हा शब्द न काढता ‘बाबा, पत्रा आधी कुठे दुमडतो?’ एवढंच विचार.

आता लॅब. तिथे हा गेम खेळायचा सुरक्षित मार्ग नाही, आणि असुरक्षित मार्गही नाही. कारण तो गेम तिथे चालणारच नाही. बीमएनजी ब्राउझरमध्ये चालत नाही, त्याची तशी अधिकृत आवृत्ती नाही. त्याला चांगलं ग्राफिक्स कार्ड लागतं, भरपूर रॅम लागते, हार्ड डिस्कवर बरीच जागा लागते. आतेभावाच्या मशीनचा पंखा कसा घोंघावत होता आठव. शाळेच्या लॅबमधल्या साध्या कॉम्प्युटरवर उद्या फायरवॉल पूर्ण उघडली तरी तो सुरू होणार नाही. म्हणूनच ‘अनब्लॉक्ड बीमएनजी’ असं लिहिलेल्या पानावर तुला भलताच गेम मिळाला. अशा पानांवर एकतर दुसराच हलका गेम असतो, नाहीतर ‘डाउनलोड’ लिहिलेलं बटण असतं आणि त्यामागे नको ते सॉफ्टवेअर. जाहिराती उघडायला लागल्या त्या बहुधा त्यातूनच.

ब्लॉक केलेली साइट दाखवणाऱ्या प्रॉक्सी पानांचं आणि फुकट व्हीपीएनचं काम कसं चालतं ते समजून घे, मग मित्राचा बेत तुला आपोआप नको वाटेल. प्रॉक्सी साइटवर तू पत्ता टाकलास की ते पान आधी तिच्या मालकाच्या कॉम्प्युटरवर येतं, तिथे उघडतं आणि मग तुझ्याकडे येतं. त्या वाटेने तू कुठे लॉगिन केलंस तर तुझा पासवर्ड आधी त्या अनोळखी माणसाच्या हातात पडतो. ब्राउझरला जोडायचं फुकट व्हीपीएन बसवताना ‘सर्व साइटवरचा मजकूर वाचण्याची आणि बदलण्याची परवानगी’ मागितली जाते, आणि घाईत कोणी ते वाचत नाही. लॅबचा कॉम्प्युटर एकट्या तुझा नाही. तुझ्यानंतर त्यावर सातवीतली मुलगी तिच्या मेलला लॉगिन करते. बहुतेक शाळांत तेच इंटरनेट ऑफिसातही जातं, जिथे क्लार्क यूडायसची, म्हणजे शाळांच्या सरकारी नोंदणीची, माहिती भरतात, शिष्यवृत्तीचे फॉर्म भरतात. त्यात प्रत्येक मुलाचं नाव, जन्मतारीख, आधार असतं. पेन ड्राइव्हवरून आलेलं काहीतरी तिथवर पोचलं तर नुकसान तुमच्या वर्गापुरतं राहत नाही.

सरांच्या पासवर्डबद्दल मी अगदी स्पष्ट सांगते. तो वापरायचा नाही, मित्रालाही वापरू द्यायचा नाही. त्या पासवर्डने जे काही होईल ते नोंदीत सरांच्या नावावर पडेल आणि जाब त्यांना द्यावा लागेल. सरांना एवढंच सांग: ‘सर, तुम्ही पासवर्ड टाइप करताना मागच्या बाकावरून दिसतो, बदलून घ्या.’ हे तू उद्याच सांगू शकतोस, आणि मित्राचं नाव घ्यायचीही गरज नाही. आधी मित्राला सांगून ठेव की मी सरांना हे सांगणार आहे, म्हणजे त्याला पाठीत वार केल्यासारखं वाटणार नाही. त्याने पासवर्ड आधीच वापरला असेल तर मात्र गोष्ट वेगळी. मग त्याला स्वतः जाऊन सांगायला लाव, आणि तो तयार नसेल तर तू सांग.

तू पत्रात जाताजाता लिहून पुढे गेलेली एक गोष्टही आहे. ती साइट उघडणारा तू होतास आणि शिक्षा सगळ्या वर्गाला झाली. सरांकडे जाशीलच तेव्हा हेही सांगून टाक. कोणत्या कॉम्प्युटरवर, कोणत्या दिवशी, काय क्लिक केलंस हे सांगितलंस तर त्यांना ते मशीन साफ करायला प्रत्यक्ष मदत होईल. ओरडा बसेल. पण वर्गातल्या बाकीच्या मुलांची लॅब लवकर उघडायची असेल तर याहून सरळ वाट मला दिसत नाही.

मग धडकांचं काय? तीन गोष्टी सुचवते. त्यातली एक तरी नक्की जमेल.

कोलोराडो विद्यापीठाची ‘फेट’ नावाची मोफत सिम्युलेशन्स आहेत, 2002 पासून चालू असलेला उपक्रम आहे. त्यातली बरीचशी मराठीतही आहेत. त्यात टकरींची एक प्रयोगशाळा आहे: दोन चेंडूंचं वस्तुमान आणि वेग ठरवायचा, आपटायचे, संवेग आणि ऊर्जा मोजायची. चेपणारा पत्रा त्यात नाही, पण नियम तेच आहेत. सरांनी एकदा फाइल उतरवून ठेवली की ती इंटरनेटशिवाय चालते, म्हणजे फायरवॉलचा प्रश्नच उरत नाही.

दुसरी गोष्ट तुला जास्त आवडेल. ‘रिग्ज ऑफ रॉड्स’ नावाचा 2005 सालापासूनचा जुना, मोफत आणि मुक्त स्रोत, म्हणजे ज्याचा कोड कोणालाही बघता येतो असा, गेम आहे. बीमएनजी बनवणाऱ्यांतले काही जण आधी त्यावरच काम करत होते. बिंदू आणि दांड्यांची कल्पना तीच, गाड्याही चेपतात, आणि त्याला बीमएनजीएवढं ताकदवान मशीन लागत नाही. शिवाय त्यातली गाडी ही साधी मजकुराची फाइल असते. नोटपॅडमध्ये उघडली की आधी बिंदूंची यादी दिसते, प्रत्येकाचा क्रमांक आणि तीन दिशांची मापं. खाली कोणता बिंदू कोणत्या बिंदूला जोडलाय त्याची यादी. आठ बिंदू आणि काही दांड्या लिहून तू एक खोका बनवू शकतोस, तो उंचावरून टाकू शकतोस, मग एक तिरपी दांडी काढून पुन्हा टाकून बघू शकतोस. तिरप्या दांडीने काय फरक पडतो हे एकदा डोळ्यांनी बघितलंस की पूल, विजेचे मनोरे, गाडीची चासी म्हणजे खालचा सांगाडा, सगळ्यांकडे तू वेगळ्या नजरेने बघशील. हा गेम तू स्वतः लॅबमध्ये बसवायचा नाहीस. सरांना विचारायचं आणि त्यांनीच बसवायचा, एकाच कॉम्प्युटरवर.

तिसरीला कॉम्प्युटरच लागत नाही. एक लांब फळी, चाकांची छोटी ट्रॉली, तिच्या तोंडाला जाड कागदाची वेगवेगळ्या लांबीची नळकांडी, आणि समोर वीट. आईच्या फोनमध्ये स्लो मोशन असेल तर ट्रॉली थांबायला किती फ्रेम लागल्या ते मोजता येतं. नळकांडं लांब, तर थांबायला वेळ जास्त, झटका कमी. तालुक्याच्या विज्ञान प्रदर्शनात मांडण्याजोगा हा प्रयोग आहे.

खरा बीमएनजी आतेभावाकडेच खेळ, आणि तिथे जाशील तेव्हा नुसता धडका देत बसू नकोस. एकच गाडी घे, छोटी कोव्हेट चांगली. तीच भिंत. 30 आणि 60 च्या वेगाने. मग 60 नेच, पण अर्धंच तोंड भिंतीवर येईल अशी. वेळ मंद करून बघ की कोणता भाग आधी गेला आणि दार उघडण्याजोगं राहिलं का.

सरांना तोंडी विचारलंस तर ते ‘बघू’ म्हणतील. लेखी अर्ज दे. मजकूर असा चालेल:

मा. संगणक शिक्षक यांस,
विषय: धडकेवरील प्रयोगासाठी लॅबमधील एक संगणक मिळणेबाबत.
महोदय, मी इयत्ता नववीचा विद्यार्थी आहे. ‘गतीचे नियम’ आणि ‘कार्य आणि ऊर्जा’ या पाठांवर आधारित, वाहन धडकल्यावर काय होते यावर मी प्रयोग करू इच्छितो. त्यासाठी फेटचे टकरींचे सिम्युलेशन आणि रिग्ज ऑफ रॉड्स हे मोफत सॉफ्टवेअर आपण तपासून एका संगणकावर बसवावे, ही विनंती. शनिवारी शाळा सुटल्यावर एक तास, आपल्या किंवा विज्ञान शिक्षकांच्या उपस्थितीत, इंटरनेट बंद ठेवून मी काम करेन. पेन ड्राइव्ह वापरणार नाही. मोजमापांची वही दर महिन्याला दाखवेन.
आपला विद्यार्थी

अर्ज देण्याआधी पासवर्डची आणि त्या साइटची गोष्ट सांगून झालेली असू दे. आधी अर्ज आणि मग कबुली असं झालं तर सरांना दोन्हींवर विश्वास ठेवणं अवघड जाईल. शक्य असेल तर विज्ञानाच्या शिक्षकांची सहीही अर्जावर घे. आणि सर ‘नाही’ म्हणाले तर पुन्हा दुसऱ्या सत्रात विचार. तोवर फळी आणि ट्रॉलीचं काम सुरू कर, त्याला कोणाची परवानगी लागत नाही. पहिली मोजमापं आली की मला पाठव. नळकांड्याची लांबी आणि फ्रेमची संख्या, एवढे दोनच रकाने पुरेत.